जुन्या मोटारीच्या मागील चाकांचे ब्रेक कॅलिपर : झीज, सुट्या भागांची निवड व बदल (वारजे–नवले पूल मार्गाच्या संदर्भात)

प्रस्तावना

साताऱ्याकडून पुण्यात येणारी मोटार खंबाटकी घाट ओलांडते, कात्रजच्या नव्या बोगद्यातून बाहेर पडते आणि नऱ्हे, नवले पूल, वडगाव या क्रमाने खाली उतरत मुठा नदीवरील पुलाकडे व वारजे माळवाडीकडे येते. बोगद्यापासून नवले पुलापर्यंतचा हा सलग उतार गेल्या काही वर्षांत अपघातांमुळे महाराष्ट्रभर परिचित झाला आहे. दि. २० नोव्हेंबर २०२२ रोजी एका मालवाहू ट्रकने येथे अनेक वाहनांना धडक दिली. सुरुवातीच्या वृत्तांत हा आकडा ४८ असा देण्यात आला होता. दि. १३ नोव्हेंबर २०२५ रोजी याच उतारावर झालेल्या अपघातात वाहनांनी पेट घेतला आणि किमान आठ जणांचा मृत्यू झाला. हे अपघात अवजड वाहनांचे होते. त्यांचे ब्रेक हवेच्या दाबावर चालतात आणि प्रवासी मोटारींचे द्रवाच्या दाबावर, त्यामुळे एकाचे निष्कर्ष दुसऱ्यास जसेच्या तसे लावणे शास्त्रीयदृष्ट्या योग्य ठरणार नाही. तथापि उतार दोघांसाठी एकच आहे. ज्या मोटारीला पंधरा-वीस वर्षे झाली आहेत व जी आठवड्यातून दोन-तीनदाच बाहेर निघते, तिच्या ब्रेकची परीक्षा शहरातील सपाट रस्त्यावर होत नाही, ती अशा उतारावरच होते.

मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम ४१ नुसार खाजगी मोटारीची नोंदणी पंधरा वर्षांसाठी वैध असते व त्यानंतर दर पाच वर्षांनी तिचे नूतनीकरण करावे लागते. या नूतनीकरणाचे शुल्क एप्रिल २०२२ पासून मोटारींसाठी ५००० रुपये झाले. वीस वर्षांहून जुन्या मोटारींसाठी ते ऑगस्ट २०२५ मध्ये १०,००० रुपये करण्यात आले. जुनी गाडी ठेवणे असे महाग होत असताना मालकाचा कल देखभालीत काटकसर करण्याकडे झुकतो, आणि त्या काटकसरीत सर्वप्रथम दुर्लक्षित होणारा भाग म्हणजे मागील चाकांचे ब्रेक. पुढचे ब्रेक झिजले तर आवाज येतो, पेडल बदलते, चालकास ते लगेच जाणवते. मागचे मात्र निमूटपणे निकामी होतात. प्रस्तुत लेखात मागील कॅलिपरची रचना, त्यातील दोष ओळखण्याची रीत, सुटे भाग निवडण्याचे निकष आणि ते बदलताना पाळावयाची पथ्ये यांचा विचार केला आहे.

कोणत्या मोटारी?

प्रथम एक मर्यादा स्पष्ट करणे आवश्यक आहे. महाराष्ट्रातील जुन्या मोटारींपैकी बहुसंख्य गाड्यांना मागे कॅलिपर नाहीतच. मारुती ८००, झेन, सँट्रो, पुण्यातच घडलेली टाटा इंडिका या सर्वांच्या मागील चाकांत ड्रम असून त्यात व्हील सिलिंडर व ब्रेक शूज असतात. मागे डिस्क असलेल्या जुन्या गाड्या वरच्या किंमत-गटातील आहेत, आणि त्यांतील दोन महत्त्वाच्या गाड्या महाराष्ट्राच्याच कारखान्यांतून बाहेर पडल्या. मर्सिडीज-बेंझची डब्ल्यू १२४ ही मोटार १९९५ पासून टेल्कोच्या पिंपरी येथील आवारात जुळविली जात होती, तर स्कोडाची पहिली ऑक्टाव्हिया २००१ पासून औरंगाबादजवळ (आताचे छत्रपती संभाजीनगर) शेंद्रा येथे.

या दोहोंच्या तुलनेतून मागील कॅलिपरचे दोन मूलभूत प्रकार समजतात. डब्ल्यू १२४ मध्ये कॅलिपर स्थिर असतो. डिस्कच्या दोन्ही बाजूंना एकेक पिस्टन असतो व पार्किंग ब्रेकसाठी डिस्कच्याच पोटात एक छोटा स्वतंत्र ड्रम बसविलेला असतो. याउलट, मागे डिस्क असलेल्या ऑक्टाव्हियात व तिच्या काळातील बहुतेक पुढच्या चाकांनी चालणाऱ्या मोटारींत कॅलिपर सरकता असतो. पिस्टन एकच, तोही आतील बाजूस. तो आतला पॅड डिस्कवर दाबतो आणि त्याच्या प्रतिक्रियेने संपूर्ण कॅलिपर दोन गाइड पिनांवर सरकून बाहेरचा पॅड ओढून घेतो. हँडब्रेकची यंत्रणाही याच कॅलिपरच्या पाठीत असते. केबलने तरफ फिरते, तरफेने आतला दट्ट्या पुढे सरकतो आणि तोच पिस्टन यांत्रिक रीतीने ढकलला जातो. पॅड जसजसे झिजतात तसतसा पिस्टनमधील आट्यांचा भाग आपोआप पुढे सरकून अंतर भरून काढतो.

एकाच ओतीव तुकड्यात दोन यंत्रणा कोंबण्याची ही युक्ती स्वस्त आणि सुटसुटीत आहे. पण वयोमानाने तीच या कॅलिपरची सर्वांत कमकुवत जागा ठरते. तरफेचा आस कॅलिपरच्या बाहेर येतो तेथे एक लहानशी रबरी सील असते. ती कडक झाली की पावसाचे पाणी आत शिरते, आस गंजतो आणि हँडब्रेक सोडल्यावर तरफ मूळ जागी परत येत नाही. पुढील विवेचन प्रामुख्याने या दुसऱ्या प्रकाराविषयी आहे.

मागील ब्रेकचे काम आणि उताराचे गणित

ब्रेक दाबल्यावर मोटारीचा भार पुढच्या चाकांवर सरकतो. उतारावर तो आधीच पुढे झुकलेला असतो. म्हणून रोधक बलाचा मोठा हिस्सा पुढच्या चाकांकडे असतो व मागचे ब्रेक मुद्दाम लहान ठेवले जातात. मागची चाके पुढच्यांआधी जखडली तर गाडी गरकन फिरते, हे टाळणे हा त्यामागील हेतू होय. यावरून ‘मागचा ब्रेक थोडा कमी चालला तरी बिघडत नाही’ असा समज गॅरेजमध्ये रूढ झालेला आढळतो. तो पुढील कारणांमुळे टिकत नाही.

ताशी ८० किलोमीटर वेगाने जाणारी मोटार पूर्ण थांबविताना ब्रेकमध्ये जितकी ऊर्जा उष्णतेच्या रूपाने उतरते, तितकीच ऊर्जा तीच मोटार सुमारे २५ मीटर उंची उतरताना मुक्त होते. येथे वस्तुमानाचा प्रश्न येत नाही, कारण समीकरणाच्या दोन्ही बाजूंनी ते कटते. पुणे शहराची समुद्रसपाटीपासूनची उंची सुमारे ५६० मीटर, तर सिंहगडाची सुमारे १३०० मीटर आहे. वाहनतळ माथ्याच्या खाली असल्याने प्रत्यक्ष उतार ६०० मीटरचा धरला तरी गडावरून वारज्याला परतणारी मोटार ताशी ८० वरून पूर्ण थांबण्याच्या २४ कृतींइतकी ऊर्जा सोडते. त्यातील काही भाग हवेचा व टायरचा विरोध घेतो, आणि चालक खालच्या गिअरमध्ये उतरत असेल तर मोठा भाग इंजिन घेते. न्यूट्रलमध्ये उतरणाऱ्याच्या बाबतीत जवळजवळ सर्व भार ब्रेकवर येतो. इंजिनच बंद केले तर संकट दुप्पट होते. पेडल हलके करणाऱ्या बूस्टरला इंजिनकडून निर्वात मिळतो. इंजिन बंद पडल्यावर साठलेला निर्वात दोन-तीन वेळा ब्रेक दाबण्यापुरताच पुरतो आणि त्यानंतर पेडल दगडासारखे होते. २०२२ च्या अपघातातही चालकाने उतारावर इंधन वाचविण्यासाठी इंजिन बंद केल्याचे पोलीस तपासात पुढे आले होते.

आता समजा, मागच्या एका चाकाचा कॅलिपर चिकटलेला आहे. असे चाक सपाट रस्त्यावरही सतत घासत राहते. म्हणजे उतार सुरू होण्याआधीच ते तापलेले असते. ब्रेक ऑइल आर्द्रता शोषून घेते. डॉट ३ श्रेणीच्या ताज्या द्रवाचा उत्कलनबिंदू किमान २०५ अंश सेल्सिअस असावा लागतो, पण ठरावीक प्रमाणात पाणी मुरल्यावर तो १४० पर्यंत खाली येऊ शकतो. डॉट ४ साठी हेच आकडे २३० आणि १५५ असे आहेत. पुण्याचे चार पावसाळे ज्या द्रवाने पाहिले, तो चिकटलेल्या कॅलिपरमध्ये उकळला तर नळीत वाफ होते. वाफ दाबली जाते, पेडल खाली जाते आणि चाकापर्यंत दाब पोहोचत नाही. यात आणखी एक मेख आहे. पुढच्या चाकांनी चालणाऱ्या बहुतेक मोटारींत ब्रेकची दोन मंडले तिरपी जोडलेली असतात : मागचे उजवे चाक पुढच्या डाव्याबरोबर आणि मागचे डावे पुढच्या उजव्याबरोबर. त्यामुळे मागच्या एका कॅलिपरमध्ये झालेली वाफ समोरील एका चाकाचा ब्रेकही सोबत घेऊन जाते. मागच्या ‘लहान’ ब्रेकचा बिघाड अशा रीतीने निम्म्या ब्रेकचा बिघाड ठरतो.

दोषाचे निदान

गाडी एका बाजूला ओढणे, चाकाच्या रिमवर एका बाजूलाच काळी भुकटी साठणे, घाटातून उतरल्यावर करपल्याचा वास येणे, हँडब्रेक वरपर्यंत ओढूनही चढावर गाडी मागे सरकणे ही नेहमीची लक्षणे आहेत. परंतु लक्षण म्हणजे निदान नव्हे. ‘कॅलिपर गेला’ या एका वाक्यात चार वेगवेगळे दोष लपलेले असतात आणि प्रत्येकाचा खर्च वेगळा असतो.

साधी सुरुवात म्हणजे आठ-दहा किलोमीटर शक्य तितके कमी ब्रेक वापरून गाडी चालवावी आणि थांबल्यावर मागील दोन्ही डिस्कचे तापमान इन्फ्रारेड तापमापकाने मोजावे. हाताने स्पर्श करू नये. दोन्ही बाजूंत ठळक फरक दिसला तर जास्त तापलेले चाक जॅकवर उचलून, घोडीवर टेकवून, हाताने फिरवून पाहावे. पुढच्या चाकांना दोन्ही बाजूंनी ओटी लावलेली असावी, कारण या तपासणीत हँडब्रेक सोडलेला असतो.

चाक जड फिरत असल्यास पुढील क्रम पाळणे इष्ट ठरते. प्रथम कॅलिपरवरील हँडब्रेकची तरफ आपल्या थांब्यापर्यंत परत आली आहे का ते पाहावे. आली नसेल तर तिच्यावरून केबल सोडवावी. केबल सोडताच तरफ परतली व चाक मोकळे झाले तर दोष केबलमध्ये आहे, कॅलिपर निर्दोष आहे. केबल सोडूनही तरफ अडकलेलीच राहिली तर आस गंजला आहे. तरफ योग्य जागी असूनही चाक जड असेल, तर हवा काढण्याचे निपल क्षणभर उघडावे. थोडे ऑइल उडून चाक मोकळे झाल्यास आत दाब कोंडलेला होता, असा अर्थ होतो. अशा वेळी कॅलिपर बदलून काहीही साध्य होत नाही. बहुधा रबरी नळी आतून सुजलेली असते. पायाच्या जोरावर ऑइल आत जाते, पण परत येताना अडते. निपल उघडूनही चाक जडच राहिले, तरच पिस्टन किंवा गाइड पिन यांच्याकडे वळावे.

येथे झिजलेले पॅडच साक्ष देतात. आतला पॅड संपला आणि बाहेरचा बराच जाड राहिला, तर कॅलिपर पिनांवर सरकत नाही. दोन्ही पॅड सारखेच, पण दुसऱ्या चाकापेक्षा बरेच जास्त झिजले असतील तर पिस्टन किंवा हँडब्रेक मागे येत नाही. पॅड तिरका, पाचरीसारखा झिजला असल्यास दोनपैकी एकच पिन जाम आहे किंवा ब्रॅकेटमध्ये पॅडचे कान गंजाने अडकले आहेत. जुने पॅड मेकॅनिककडून मागून घेऊन पाहण्याची सवय मालकांनी लावून घेतली पाहिजे. बिलापेक्षा ते अधिक खरे बोलतात.

सील, पिस्टन आणि एक जुना गैरसमज

कॅलिपरमधील पिस्टनभोवतीची सील गोल नसून चौकोनी छेदाची असते व ती कॅलिपरच्या भिंतीतील खाचेत बसते. ब्रेक दाबला की पिस्टन पुढे जातो. सील त्याला चिकटून थोडी पिरगळते. पाय उचलताच ती सरळ होते आणि पिस्टनला मिलिमीटरच्या काही दशांशाइतके मागे खेचते. डिस्क ब्रेकमध्ये पिस्टन मागे आणणारी वेगळी स्प्रिंग नसते. हे काम ही रबरी कडीच करते. म्हणून सील कडक झाली की ऑइल गळण्याआधी ब्रेक चिकटू लागतो. गळती नाही म्हणजे सील चांगली, हे अनुमान त्यामुळे फसवे आहे.

ड्रम ब्रेकच्या व्हील सिलिंडरमध्ये रबरी कप पिस्टनबरोबर सरकतो. तेथे सिलिंडरची आतली भिंत गुळगुळीत असणे निर्णायक असते, कारण कप तिच्यावरच घासतो. ड्रमवर हात बसलेले अनेक कारागीर हीच कसोटी कॅलिपरला लावतात. भिंतीवर किरकोळ डाग दिसला की कॅलिपर टाकाऊ ठरवितात आणि पिस्टनवरील खड्ड्यांकडे मात्र काणाडोळा करतात. कॅलिपरमध्ये परिस्थिती नेमकी उलटी आहे. सील स्थिर असते आणि पिस्टन तिच्यातून सरकतो. द्रव अडविणारा पृष्ठभाग पिस्टनचा असतो, भिंतीचा नव्हे. भिंतीवरील पुसट डाग पुसून चालतो, सीलच्या खाचेतील गंज मात्र काढलाच पाहिजे, आणि पिस्टनच्या सील-पट्ट्यात नख अडकेल असा एकही खड्डा असल्यास पिस्टन बदललाच पाहिजे. पॉलिश पेपरने पिस्टन घासून ‘चमकवणे’ तर सर्वथा अयोग्य, कारण त्यामुळे क्रोमचा पातळ थर जातो व पुढील पावसाळ्यात तेथूनच गंज सुरू होतो.

सुट्या भागांची निवड

वरील निदानावरून निवडीचा प्रश्न बराचसा सुटतो. केवळ पिन जाम असतील तर पिनांचा व त्यांच्या रबरी बुटांचा संच पुरतो. धूळ-रबर फाटले आहे पण पिस्टन स्वच्छ आहे, अशा वेळी रबर किट योग्य. पिस्टनला खड्डे असतील तर किट आणि पिस्टन दोन्ही. तरफेचा आस गंजला किंवा तेथून ऑइल झिरपत असेल तर मात्र संपूर्ण कॅलिपर बदलणे श्रेयस्कर होय. हँडब्रेकच्या आतील भागांचे संच अनेक गाड्यांसाठी सुटे मिळत नाहीत, आणि आस बाहेर काढून घासून पुन्हा बसविण्याचे काम पुष्कळदा एका पावसाळ्यापुरतेच टिकते.

पुण्यात सुट्या भागांसाठी नाना पेठेचा बाजार पूर्वापार प्रसिद्ध आहे. वारज्यातील गॅरेजवालाही अनेकदा तेथूनच माल आणवतो. कंपनीच्या डब्यातला, मूळ पुरवठादाराच्या स्वतःच्या डब्यातला, इतर उत्पादकांचा, पुनर्निर्मित आणि भंगारातील अशा पाच प्रतींचा माल समोर येतो. मोटार कंपन्या बहुधा कॅलिपर स्वतः घडवीत नाहीत. पुणे परिसरातच या उद्योगाची जुनी परंपरा आहे. कल्याणी ब्रेक्स ही कंपनी पुढे बॉश चॅसिस सिस्टिम्स इंडिया या नावाने ओळखली गेली, हे त्याचे एक उदाहरण. म्हणून मूळ पुरवठादाराच्या डब्यातील वस्तू बहुतेक वेळा सर्वांत शहाणपणाची निवड ठरते. भंगारातील कॅलिपरचे ओतीव शरीर चांगले असू शकते, पण त्यातील रबर कितीही नवे दिसले तरी वापरू नये. जुने पॅड तर कोणत्याही किमतीला घेऊ नयेत.

प्रतीपेक्षाही मापाकडे अधिक लक्ष दिले पाहिजे. एकाच मॉडेलच्या वेगवेगळ्या इंजिनांच्या व वर्षांच्या आवृत्त्यांत डिस्कचा व्यास, जाडी आणि पिस्टनचा व्यास वेगळा असू शकतो. बोल्टची छिद्रे जुळतात म्हणून कॅलिपर ‘बसतो’, पण बसणे आणि योग्य असणे यांत फरक आहे. समजा, ३८ मिलिमीटर पिस्टनच्या जागी ४१ मिलिमीटरचा कॅलिपर लागला. बल क्षेत्रफळाच्या म्हणजे व्यासाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. एक्केचाळीसाचा वर्ग १६८१, अडतिसाचा १४४४. तेवढ्याच दाबाला मागील ब्रेक सुमारे १६ टक्के अधिक जोराने लागेल. कोरड्या सपाट रस्त्यावर चालकाला हा बदल सुखावह वाटेल, गाडी ‘मस्त थांबते’ असेही तो सांगेल. पहिल्या पावसात वडगाव पुलाच्या उतारावर जोरात ब्रेक दाबताच मागची चाके आधी जखडण्याचा धोका मात्र त्याने विकत घेतलेला असतो. यास्तव भाग मागविताना मॉडेलचे नाव व वर्ष सांगणे पुरेसे नाही. चासी क्रमांकावरून भाग-क्रमांक काढावा आणि जुन्या पिस्टनचा व्यास मोजून पडताळावा.

डावा आणि उजवा कॅलिपर दिसायला जुळे असले तरी अदलाबदल करता येत नाहीत. हवा काढण्याचे निपल सर्वांत वर असले पाहिजे. बाजू चुकली तर निपल खाली येते, हवा वरच्या कोपऱ्यात अडकते आणि कितीही ऑइल पंप केले तरी पेडल स्पंजासारखेच राहते. असा प्रकार घडल्यावर मास्टर सिलिंडरला दोष देऊन तोही बदलला गेल्याची उदाहरणे गॅरेजच्या जगात दुर्मीळ नाहीत. बदल दोन्ही बाजूंचा एकदम करावा, निदान पॅड व रबर किट तरी. एका बाजूला नवी सील आणि दुसऱ्या बाजूला वीस वर्षांची, ही जोडी गाडीला तिरकेच थांबवणार.

डिस्कची किमान जाडी बहुधा तिच्यावरच कोरलेली असते. ती व्हर्निअरने मोजल्यास काठावरील न झिजलेल्या कडेमुळे जाडी जास्त दिसते. मायक्रोमीटरने मधल्या घासपट्टीवर मोजावी. पॅडचे अस्तर दोन-तीन मिलिमीटरवर आले असल्यास पॅड बदलण्यास विलंब करू नये.

प्रत्यक्ष बदल

कामाचा तपशील प्रत्येक गाडीच्या कार्यपुस्तिकेत असतो. येथे फक्त ज्या जागी चुका होतात तेवढ्यांचाच निर्देश पुरे. मोटार विटांच्या चळतीवर उचलू नये. भारवाहक घोडीच वापरावी. ब्रेकची भुकटी दाबाच्या हवेने उडवू नये, कारण जुन्या पॅडच्या अस्तरात ॲस्बेस्टॉस असण्याची शक्यता असते. ओल्या फडक्याने पुसावी. सोडलेला कॅलिपर रबरी नळीवर लोंबकळत न ठेवता तारेने स्प्रिंगला टांगावा.

पिस्टन मागे नेताना बहुतेक अपघाती नुकसान होते. पुढच्या कॅलिपरचा पिस्टन सरळ दाबून मागे जातो, म्हणून सवयीने मागचाही शिकंज्यात धरून दाबला जातो. हँडब्रेक अंतर्भूत असलेल्या कॅलिपरचा पिस्टन दाबत-दाबत फिरवावा लागतो. त्यासाठी पिस्टनच्या तोंडावर खाचा असतात व त्यात बसणारे स्वस्त हत्यार बाजारात मिळते. केवळ दाबल्यास आतील स्वयंसमायोजनाच्या आट्या तुटतात आणि चांगला कॅलिपर त्याच क्षणी भंगार होतो. काही गाड्यांत डावीकडील पिस्टन उलट दिशेने फिरतो, हेही ध्यानात असावे. पिस्टन मागे नेताना निपल उघडे ठेवून जुने ऑइल बाहेर जाऊ द्यावे. अन्यथा तळाचा गाळ उलट दिशेने एबीएसच्या झडपांत ढकलला जातो.

भाग रॉकेलने किंवा पेट्रोलने धुण्याची पद्धत आपल्याकडे सर्वत्र आहे. इंजिनच्या भागांना ती चालते. ब्रेकच्या रबराला चालत नाही, कारण हे रबर खनिज तेलाच्या संपर्काने फुगते. ताजे ब्रेक ऑइल किंवा ब्रेक-क्लिनर याखेरीज काहीही वापरू नये. त्याच कारणाने गाइड पिनांना चाकाच्या बेअरिंगचे ग्रीस लावू नये. सिलिकोन किंवा ब्रेकसाठी खास बनविलेले कृत्रिम ग्रीसच लावावे, तेही पातळ थरात. डबाभर ग्रीस भरल्यास पिनेमागे कोंडलेली हवा तिला बाहेर ढकलत राहते. पॅडचे कान जेथे सरकतात ती ब्रॅकेटची जागा तारेच्या ब्रशने गंजमुक्त करावी. या एका कृतीला पाच मिनिटे लागतात आणि बहुतेक ठिकाणी नेमकी तीच वगळली जाते.

नळीच्या जोडातील तांब्याचे वॉशर नवे घालावेत. अनेक युरोपीय गाड्यांत गाइड पिनांचे बोल्ट एकदाच वापरावयाचे असतात. ते किटमध्ये आले असतील तर जुने पुन्हा लावू नयेत. बोल्ट टॉर्क पान्यानेच, पुस्तिकेतील मापानुसार आवळावेत.

हँडब्रेकच्या समायोजनात क्रम महत्त्वाचा आहे. आधी केबल पूर्ण ढिली करावी, हवा काढून घ्यावी, नंतर पेडल अनेकदा दाबून स्वयंसमायोजनास पॅड डिस्कपर्यंत आणू द्यावेत, आणि शेवटी केबल ताणावी. उलट क्रमाने, म्हणजे केबल आधी ताणून काम केल्यास तरफ किंचित उचललेली राहते, स्वयंसमायोजन काम करीत नाही, आणि नवा कॅलिपर पहिल्या दिवसापासून घासू लागतो. ‘नवीन टाकला तरी तापतो’ या तक्रारीचे हे एक वारंवार आढळणारे मूळ आहे.

कामानंतर

गाडी हलविण्यापूर्वी पेडल घट्ट होईपर्यंत दाबावे. पॅड मागे गेलेले असल्याने पहिले काही दाब जमिनीपर्यंत जातात. पहिली फेरी रिकाम्या सपाट रस्त्यावर मंद वेगाने घ्यावी, सेवारस्त्यावरून थेट महामार्गावर नव्हे. नवे पॅड डिस्कवर बसण्यासाठी मध्यम वेगावरून हलके ब्रेक, मध्ये थंड होण्यास अवधी, अशी वीस-पंचवीस आवर्तने पुरतात. पूर्ण थांबून ब्रेक दाबून धरू नये. एका दिवसानंतर निपल, जोड आणि तरफेचा आस या तीन जागी ओल आहे का ते पाहावे, आणि चाकांचे नट पुन्हा एकदा आवळावेत. द्रव दर दोन वर्षांनी बदलावा, मग गाडी कितीही कमी चालली असो.

कमी चालणाऱ्या गाडीसाठी पावसाळ्यात आणखी एक काळजी घ्यावी लागते. हँडब्रेक ओढून आठवडाभर उभी राहिलेल्या मोटारीचे पॅड गंजलेल्या डिस्कला चिकटतात. सपाट पार्किंगमध्ये ती पहिल्या गिअरमध्ये ठेवून चाकाला ओटी लावणे अधिक बरे. मात्र हँडब्रेक महिनोन्‌महिने मुळीच न वापरणेही हानिकारक असते, कारण तरफेचा आस हलत राहिला तरच मोकळा राहतो. आठवड्यातून एकदा गाडी बाहेर काढून दोन-चार वेळा तो ओढून सोडावा, आणि सिंहगडावरून वा खंबाटकीकडून परतल्यावर वारज्यात थांबताच तापमापक मागील दोन्ही डिस्कवर पुन्हा एकदा धरावा.